सुपूर्तनामा

बैल पोलीस ठाण्यात बांधलेले मी आयुष्यात एकदाच पाहिले. आमचेच होते. ठाण्याच्या मागे चिंचेचं झाड होतं, त्याच्या बुंध्याला दोघंही बांधलेले. चांद्या उभा, भुऱ्या बसलेला. बाजूला बंडी, जू जमिनीला टेकलेलं. बंडीच्या उभारीला सुतळीनं एक चिठ्ठी बांधली होती आणि तिच्यावर गुन्ह्याचा नंबर होता. बैलांना चिठ्ठी नव्हती. "बांधली होती, पन भुऱ्यानं खाल्ली," असं तिथला शिपाई म्हणाला आणि हसला. बाबा हसले नाहीत. त्यांनी भुऱ्याच्या पाठीवरून हात फिरवला, मग बोटांनी बरगड्या चाचपल्या. तीन दिवसांत एवढा फरक पडतो का, मला कळेना. पण बाबांची बोटं एकेका बरगडीवर थांबत होती.

ही १९८६ सालची गोष्ट. मी तेव्हा सतरा वर्षांचा, बारावीत. पोळा वीस-बावीस दिवसांवर आलेला आणि पऱ्हाटीत डवरे चालायचे होते.

आमचा जिल्हा वर्धा. गांधीजी १९३६ साली सेवाग्रामला राहायला आले, आणि त्या पुण्याईवर आमच्याकडे दारूबंदी आहे. माझ्या शाळेच्या दिवसांपासून जिल्ह्यात सरकारमान्य दुकान नाही. दुकान नाही म्हणजे दारू नाही, असं मात्र कोणी समजू नये. जिल्ह्याची हद्द ओलांडली की बाटली मिळे, आणि ज्याला हद्दीपर्यंत जायला पैसे नसत त्याच्यासाठी हातभट्टी होती. बोर धरणाकडच्या जंगलपट्ट्यात मोहाची, इकडे सपाटीला गुळाची. नाल्याच्या काठी जमिनीत मडकी पुरून सडवा घालत, त्यात नवसागर टाकत, आणि तयार माल ट्रकच्या रबरी ट्यूबमध्ये भरून नेत. ट्यूब बंडीत कडब्याखाली टाकली की वरून काही दिसत नाही. वास तेवढा येतो.

माझी माय दारूच्या पक्की विरोधात. तिचा मोठा भाऊ दारूनं गेला होता. गावातल्या आठ-दहा बायांना घेऊन ती एकदा नाल्यावर गेली होती आणि सडव्याची मडकी काठीनं फोडून आली होती. तिच्या लुगड्याला तो आंबूस वास दोन धुण्यांत गेला नाही. त्यावरून बाबा तिला "दारोगा" म्हणत. आमच्या घरचे बैल दारूच्या गुन्ह्यात धरले गेले, ही गोष्ट गावाला किती गोड वाटली असेल, ते वाचणाऱ्यानं समजून घ्यावं.

बैल धरले ते आमच्या सालदारासोबत. त्याचं नाव इथे लिहीत नाही. त्याची नातवंडं गावात आहेत, एक तर माझ्याच शाळेत शिकून गेली. आमच्याकडे तो सहा सालं होता. पाडव्याला साल ठरायचं, महिन्याची ज्वारी वेगळी. माणूस कामाचा, कमी बोलणारा. चांद्या मूळचा मारका; दुसऱ्या कोणाच्या हातानं जुवाखाली यायचा नाही, सालदारानं नुसता "चाल बापा" म्हटलं की मान द्यायचा. आठवडी बाजाराला ढेप-सरकी आणायला तो बंडी घेऊन जाई आणि रात्री परत येई. त्या रात्री नाल्याच्या पुलावर दारूबंदीवाल्यांनी बंडी अडवली. कडब्याखाली दोन ट्यूब निघाल्या. माणूस, माल, बंडी, बैल सगळं ठाण्यात. आम्हाला कळलं सकाळी.

इथपर्यंतची गोष्ट मी पुष्कळदा सांगितली आहे. पुढची फारशी सांगत नाही.

जेठात, म्हणजे या प्रकाराच्या अडीच-तीन महिने आधी, मी कोठ्यात बैलांना कुटार टाकत होतो. बाबा बंडीजवळ उभे होते. त्यांनी सालदाराला विचारलं, "बंडीतून कायचा वास येऊ रायला?" तो म्हणाला, "मोहाचा जी." बाबा थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "धुवून काढ."

एवढंच. रागावले नाहीत, पुढं विचारलं नाही. त्यानं विहिरीचं पाणी आणून बंडी धुतली. पुन्हा पुढच्या बाजारानंतर बंडी धुतलेलीच दिसे, कोणी न सांगता.

आणखी एक. दर साली मृगाच्या तोंडावर हा माणूस उचल मागायचा. पोरांचे कपडे, घरावरची कवेलू, काहीतरी असायचंच. बाबा कुरकुरत, अर्धी देत. त्या साली त्यानं उचल मागितली नाही. का मागत नाही, हे बाबांनी विचारलं नाही. ज्या प्रश्नाचं उत्तर आपल्याला महागात पडणार, तो प्रश्न माणूस विचारत नाही. बाबा काही वाईट नव्हते. उधारी थकलेल्या कास्तकाराला न मागितलेली उचल केवढी वाटते, हे ज्यानं कास्तकारी केली त्यालाच कळेल.

तालुक्याच्या वकिलांकडे बाबा मला घेऊन गेले. मी शिकलेला म्हणून. वकील सज्जन होते, वयस्क, आवाज हळू. त्यांनी सांगितलं की १९४९ च्या दारूबंदी कायद्यात दारू वाहून नेणारी जनावरं, गाड्या, सगळं जप्त होऊन सरकारजमा होऊ शकतं. पण माल जर गुन्हा करणाऱ्याचा नसेल, दुसऱ्याचाच असेल, आणि आपल्या मागे असं काही चाललं आहे याची त्या मालकाला कल्पना नव्हती असं कोर्टाला दिसलं, तर बैल वाचतात. तोवर खटला उभा राहीपर्यंत ते सुपूर्तनाम्यावर सोडवून घेता येतील. मग त्यांनी पेन खाली ठेवून बाबांना सरळ विचारलं, "तुम्हाला ठाऊक होतं का?"

बाबांनी माझ्याकडे पाहिलं.

कोठ्यात मी होतो, हे त्यांच्या लक्षात होतं की नाही, मला आजही सांगता येत नाही. मीच बोललो. "नाही जी. बाबाले काहीच मालूम नव्हतं." वकिलांनी मान हलवली आणि लिहून घेतलं. बाहेर वडाखाली टायपिंगवाल्यानं ते वाक्य शुद्ध करून टाइप केलं: सदर गुन्ह्याशी अर्जदाराचा काडीमात्र संबंध नाही व त्यास त्याची पूर्वकल्पना नव्हती. बाबांनी खाली सही केली. त्यांची सही मोठी, वळणदार होती. चौथी पास माणसाची सही.

निघताना बाबांनी विचारलं, "आनि त्याच्या जमानतीचं?" सालदाराला जामीन मंजूर झाला होता, पण जामीनदार पाहिजे होता आणि जामीनदाराला सातबारा पाहिजे. भूमिहीन माणसाला ओळखणारे सगळे भूमिहीनच. वकील म्हणाले, "तुम्ही त्याचा जामीन घेऊ नका. सरकारी वकील उद्या उभा राहून म्हणेल, बघा, मालक आणि नोकर एकच आहेत. बैल अडकतील." सल्ला कायद्यानं चोख होता. बाबांनी पुन्हा विचारलं नाही.

घरी मायनं ऐकून घेतलं. ती म्हणाली, "बैलाचा काय गुन्हा आहे? बैल आनाच." मग भाकरी थापता थापता, "पन मानूस?" बाबा म्हणाले, "वकील नाई म्हनते." त्यावर ती काही बोलली नाही.

बैलाचा काय गुन्हा, हे मायचं वाक्य मी पुढं बरीच वर्षं घोळवत राहिलो. मास्तर झालो, वाचायची सवय लागली, तेव्हा हा प्रश्न फार जुना आहे असं कळलं. इंग्लंडात एके काळी बैलगाडीच्या चाकाखाली माणूस मेला तर ती गाडी, तो बैल राजाकडे जमा होई. जणू चाकानंच खून केला. ती पद्धत १८४६ साली त्यांनी मोडली. इतक्या लांब जायला नको, आपल्या गावचा कोंडवाडा घ्या. १८७१ च्या कायद्यानं चुकार ढोर कोंडतात आणि दंड मालक भरतो. पण कोंडवाड्यात निदान सगळ्यांना माहीत असतं की शिक्षा मालकाच्या बेफिकिरीला आहे. ढोर फक्त तारण. दारूच्या गुन्ह्यातला बैल हा तारण आहे, पुरावा आहे की गुन्हेगार आहे, हे त्या चिंचेखाली कोणालाच सांगता आलं नसतं. शिपाई त्याला "मुद्देमाल" म्हणत होता आणि चाऱ्याचा खर्च कोणत्या खात्यातून टाकायचा म्हणून हवालदार डोकं खाजवत होता.

अर्जाची तारीख सहाव्या दिवशी लागली. मॅजिस्ट्रेट तरुण होते. त्यांनी पोलिसांचं म्हणणं वाचलं, बाबांचा अर्ज वाचला आणि सरकारी वकिलांना विचारलं, "बैलांना चारा कोण घालतंय?" सरकारी वकिलांनी पोलिसांकडे पाहिलं, पोलिसांनी छताकडे. एवढ्यावर निकाल झाला असं मी म्हणत नाही, पण मला तरी निकाल तिथेच लागल्यासारखा वाटला. दहा हजारांचं बंधपत्र, एक जामीनदार. अटी अशा: अर्जदारानं सदर जनावरं विकू नयेत, गहाण टाकू नयेत, त्यांच्या रंगरूपात बदल करू नये आणि कोर्ट फर्मावील तेव्हा स्वखर्चानं हजर करावीत.

बाहेर आल्यावर बाबांनी वकिलांना बाजूला घेतलं. मला वाटलं फीचं बोलत असतील. ते विचारत होते, "साहेब, पोळ्याले शिंगं रंगवाले चालते का?"

वकील आधी हसले, मग बाबांचा चेहरा पाहून गंभीर झाले आणि म्हणाले, "शिंगं रंगवा. अंगावर ठप्पे मारू नका." त्या पोळ्याला सगळ्या तोरणाखाली आमचीच जोडी अंगानं कोरी होती. शिंगांना हिंगूळ, गळ्यात घागरमाळ, आणि अंग पांढरं स्वच्छ. लोक म्हणत, सरकारी बैल आहेत बापा, हात नका लावू.

पण पोळ्याच्या आधीचं सांगायचं राहिलं. बैल घरी आले त्या संध्याकाळी मायनं त्यांच्या पायावर पाणी घातलं, ओवाळलं. वाड्यात माणसं जमली. बैल कसे सुटले, साहेब काय बोलले, बाबा दोन-दोनदा सांगत होते. सहा दिवसांत प्रथमच त्यांचा आवाज मोकळा झाला होता. फाटकाजवळ सालदाराची बायको उभी होती, कडेवर लहान पोरगी. आत आली नाही. तिनं चांद्याकडे पाहिलं, भुऱ्याकडे पाहिलं, बंडीच्या मागे पाहिलं. बंडीच्या मागे कोणी नव्हतं. मग गेली.

त्या क्षणी मला पहिल्यांदा लागलं की बैल सुटले आणि माणूस आत आहे. बैलांना सोडवायला सातबारा लागला तो बाबांच्या मित्राकडे होता. अर्ज लागला, तो टाइप झाला. एक वाक्य लागलं, ते मी दिलं. माणसाकडे यांतलं काहीच नव्हतं. "मला ठाऊक नव्हतं" असं म्हणायची सोयसुद्धा त्याला नव्हती, कारण कासरा त्याच्या हातात होता. ज्याच्या नावावर वस्तू असते त्याला कोर्ट विचारतं, तुला माहीत होतं का? ज्याच्याकडे नुसते हात असतात त्याला हा प्रश्न कोणी विचारत नाही.

तो तेवीस दिवस वर्ध्याच्या जेलात होता. पोळा तिथेच गेला त्याचा. मग त्याचा जामीन झाला. मायनं तिच्या धाकट्या भावाला निरोप धाडला होता. तो हिंगणघाटकडून सातबारा घेऊन आला, सही केली, आमच्याकडे पाणीसुद्धा न पिता परस्पर परत गेला. बाबांना यातलं काही माहीत नव्हतं. म्हणजे, धुवून काढ म्हणण्याइतकं माहीत होतं.

आता मी खरं सांगतो, बैल सोडून देण्याच्या विरोधात मी नाही. उलट, सुटलेच पाहिजेत या मताचा आहे. कोणत्याही ठाण्याच्या आवारात जाऊन पाहावं: दुचाक्या, ऑटो, मेटॅडोर, गवतातून वर आलेली हँडलं, सीटमधून उगवलेली एरंडं. त्यातली कितीतरी वाहनं दुसऱ्याची, भाड्यानं दिलेली, मागून नेलेली, कर्जाचे हप्ते अजून चालू असलेली. खटला संपेपर्यंत लोखंडाचा भुगा होतो, मग तो परत मिळून उपयोग काय. २००२ साली सुंदरभाई अंबालाल देसाई यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं हेच सांगितलं: वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवू नका, पंचनामा करा, फोटो घ्या, बंधपत्र घ्या आणि सोडा. ते प्रकरण गुजरातचं, जिथे हाच जुन्या मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा चालत आला आहे. तो निकाल वाचताना मला चिंचेखालचा भुऱ्या आठवला. सोळा वर्षं आधी एका तालुक्याच्या ठिकाणच्या तरुण मॅजिस्ट्रेटनं चाऱ्याबद्दल विचारलं होतं, ते त्याच शहाणपणाचं होतं.

दारूबंदी असावी की नसावी, यावरही माझं मत मायच्या बाजूनं आहे. आमच्या शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यात बायांनी चालत जाऊन, मोर्चे काढून २०१५ साली बंदी आणली आणि २०२१ साली सरकारनं ती उठवली. तेव्हा वर्तमानपत्रांत महसुलाचं पुष्कळ छापून आलं. मला मायच्या लुगड्याचा वास आठवला.

माझी अडचण वेगळी आहे. कायद्याला हवं असतं "हो" किंवा "नाही". आणि "माहीत असणं" ही हो-नाहीची गोष्ट नसते. वास येणं हे माहीत असणं आहे का? धुवून काढ म्हणणं? उचल न मागितल्याचं बरं वाटणं? बाबांनी दारू विकली नाही, पैसा घेतला नाही, कोणाला सांगितलं नाही. फक्त आपल्या बंडीतून काय जातं याकडे पाठ केली. आपण सगळेच कुठे ना कुठे अशी पाठ करून उभे असतो. मी शाळेत असताना किती वेळा केली, त्याचा हिशेब मांडायला बसलो तर वेगळा लेख होईल. कोर्टानं बाबांना निर्दोष मानलं ते चूक, असं मला म्हणता येत नाही. पण ते निर्दोष ठरले तेव्हा सगळा दोष उरला कोणाकडे? जो वाटून घेतला असता तर दोघांना पेलला असता, तो एकाच्याच डोक्यावर गेला, आणि तो नेऊन ठेवला माझ्या एका वाक्यानं.

आणि "मालूम होतं" म्हटलं असतं तर? बैल लिलावात गेले असते. दुसरी जोडी घ्यायची ऐपत नव्हती. डवऱ्याविना पऱ्हाटी तणात बुडाली असती, माझी बारावी तिथेच संपली असती. मी मास्तर झालो तो त्या वाक्यावर उभा राहून झालो. हे मी स्वतःला सुनावण्यासाठी लिहीत नाही. असं झालं म्हणून लिहितो.

सालदाराशी मी याबद्दल एकदाच बोललो, तोही पार नोकरी लागल्यावर. पुढच्या पाडव्याला बाबांनी त्याचं साल धरलं नव्हतं. कारण सांगितलं नाही, त्यानंही विचारलं नाही. तो मजुरीला जाऊ लागला होता. पारावर बसला होता, मी शेजारी बसलो आणि सांगून टाकलं, की तेव्हा मी असं असं बोललो होतो. त्यानं तंबाखू मळायचं थांबवलं नाही. म्हणाला, "बराबर बोलला तू बाबू. बैल गेले असते तं तुमचं काय रायलं असतं?" मग तंबाखू तोंडात टाकून, जरा वेळानं: "तेवीस दिवसात मालकानं एक डाव भेटाले याले पायजे होतं."

मला वाटलं होतं की त्यानं मला शिव्या दिल्या तर मोकळं वाटेल, किंवा माफ केलं तर. त्यानं दोन्ही केलं नाही. बाबांना मी हे सांगितलं नाही. सांगायला हवं होतं.

खटला उभा राहिला १९९१ साली. तोवर भुऱ्या मेला होता. रोग नव्हता, वय झालं होतं. पण तो आमचा नव्हता ना, कोर्टाचा होता. त्यामुळे पुरायच्या आधी बाबांनी सरपंच, तलाठी आणि ढोरांच्या डॉक्टरला बोलावून दाखला करून घेतला. शेजारी थट्टा करत, बापाच्या मरणाचा दाखला काढायला इतका धावला नव्हता हा. चांद्या होता, पण म्हातारा. विकून टाकायची सोय नव्हती, बंधपत्र होतं. बिनकामाचा बैल पाच वर्षं दावणीला खाऊन राहिला, आणि मला वाटतं बाबांना त्याबद्दल फारसं वाईट वाटत नव्हतं.

समन्स आलं: मुद्देमालासह हजर राहावे. तालुका अकरा किलोमीटर. चांद्या म्हातारपणी अधिकच मारका झालेला. मला नाही, बाबांना नाही, नव्या गड्याला तर नाहीच नाही. आदल्या संध्याकाळी बाबा स्वतः सालदाराच्या घरी गेले. पाच वर्षांत पहिल्यांदा. काय बोलले ते मी ऐकलं नाही. बराच वेळ आत होते एवढं खरं.

सकाळी तो अंधारातच आला. कोठ्यात गेला, "चाल बापा" म्हणाला, आणि चांद्यानं मान दिली. तो पुढं, बैल मागं, आणि बाबा आणि मी सायकली हातात धरून त्यांच्या मागं, असे आम्ही पायीच गेलो. खटल्यात पुढं दोन्ही पंच फितूर झाले, तो सुटला, बंधपत्र रद्द झालं. ते सगळं दुपारनंतरचं.

कोर्टाच्या फाटकावर नवा शिपाई होता. त्यानं काठी आडवी धरली.

"कोन रे तू?"

"आरोपी, जी."

"आनि हा?"

"मुद्देमाल."

शिपायानं दोघांनाही वरपासून खालपर्यंत पाहिलं, काठी बाजूला घेतली आणि म्हणाला, "तू आत जा. मुद्देमालाले झाडाले बांध, सावलीत."